चारशे मीटर आग्नेयेला

मी शिकवलेलं मूल आयुष्यात कधी रस्ता चुकत नाही! हे मी अगदी छाती ठोकून सांगतो. म्हणजे गेल्या नोव्हेंबरपर्यंत सांगत होतो. हल्ली ठोकायच्या आधी आजूबाजूला कोणी कोळी नाही ना, ते बघून घेतो.

माझं नाव ओकुनो. आकाशीच्या किनाऱ्यावर आमची एक छोटीशी शाळा आहे, तिथे मी पाचवीचा वर्ग घेतो. शिकवतो सगळेच विषय, पण जीव अडकलाय तो नकाशात. आणि का अडकू नये? एकशे पस्तीस अंश पूर्व रेखांश आमच्या गावातून जातो! अख्खा जपान ज्या रेषेवर घड्याळ लावतो, ती रेषा आमच्या स्टेशनच्या फलाटावर आखलेली आहे. उत्तरेचा बटाटेवाला न्याहारीला बसतो तो आमच्या वेळेने, आणि दक्षिणेचा ऊसवाला जांभई देतो तीही आमच्याच वेळेने. अशा गावातल्या पोरांनी फोनमधल्या बाईला विचारत विचारत घरी जायचं? "दोनशे मीटरवर डावीकडे वळा" म्हणे! उद्या ती बाई रुसली, तर हे काय रस्त्यातच संसार थाटणार?

म्हणून मी बेत केला. शुक्रवारी सकाळी पाचवीची अठराच्या अठरा मुलं गावात सोडायची. फोन नाही, टॅब्लेट नाही. हातात फक्त नकाशा, पट्टी आणि होकायंत्र. सहा-सहांचे तीन गट. प्रत्येक गटाला एक चिठ्ठी, चिठ्ठीवर अक्षांश-रेखांश, अंश-मिनिटं-सेकंदांसकट. त्या जागी मी लपवलेला बिस्किटांचा पत्र्याचा डबा शोधायचा आणि साडेदहाला बंदरावर हजर व्हायचं.

आमच्या उपमुख्याध्यापिका तोकुशिगे बाई चष्म्यावरून माझ्याकडे बघत म्हणाल्या, "ओकुनो सर, शाळेने तीस नवे टॅब्लेट घेतलेत. मुलं वर्गात बसून हेच करतील. पायही दुखणार नाहीत."

"बाई, पोहणं काय पाटावर बसून शिकवतात?"

"मुलं हरवली तर?"

"माझी मुलं? हरवली तर मी पुढच्या वर्षी शिवणाचा वर्ग घेईन!"

बाईंनी हे वहीत टिपून घेतलं. त्या सगळंच टिपून घेतात.

बेताचा दुसरा भाग तर याहून नामी होता. माझ्या वर्गात वाकाना इसोबे नावाची एक मुलगी आहे. बोलते कमी, पण पेन्सिलीला टोक असं काढते की कागदालाही धडकी भरावी! तिचे बाबा मालवाहू जहाजावर अधिकारी. दोन महिने झाले, घरी नाहीत. त्या आठवड्यात त्यांचं जहाज पनामाच्या कालव्यापाशी नांगर टाकून आपल्या पाळीची वाट बघत उभं होतं. मी वर्गात फळ्यावर मांडलं, "आपण पूर्वेला एकशे पस्तीसवर. पनामाचं घड्याळ पश्चिमेच्या पंचाहत्तरवर. मध्ये किती अंश?"

"दोनशे दहा!"

"दर पंधरा अंशाला एक तास. मग किती तास?"

"चौदा!"

"शाबास! आपल्याकडे सकाळचे अकरा, तर वाकानाच्या बाबांकडे?"

"रात्रीचे नऊ!" सगळा वर्ग ओरडला. वाकानाने हात वर केला होता, पण तेवढ्यात घंटा झाली आणि मी खडू झटकून बाहेर पडलो.

नऊ ते साडेनऊ एवढा अर्धा तासच तिच्या बाबांना कामातून मोकळीक असे. मी त्यांना मेल केला, की माझ्या फोनवर फोन करा, मुलगी बंदरावर माझ्याशेजारी उभी असेल, सगळ्या वर्गाला वेळेचा हिशोब प्रत्यक्ष दाखवू. मेलची एक प्रत वाकानालाही दिली. तिने ती वाचली, माझ्याकडे पाहिलं, पुन्हा वाचली आणि घडी घालून दप्तरात ठेवली. दोन महिन्यांनी बापाचा आवाज ऐकायचा, पोर हरखली असणार, असं मला वाटलं.

आता नकाशाचं सांगतो. डबे मी स्वतः लपवले. एक वाचनालयामागच्या कापराच्या झाडाखाली, एक टेकडीवरच्या देवळाच्या पायरीआड, एक बंदरावरच्या बाकाखाली. तिन्ही जागांचे अक्षांश-रेखांश काढले ते माझ्या वडिलांच्या नकाशावरून. वडील पोस्टात होते. पन्नास वर्षांपूर्वीचा तो नकाशा, कापडावर चिकटवलेला, घडीला मऊ. त्यावर मी भिंग लावून सेकंदापर्यंत मोजमाप घेतलं, तीनदा पडताळलं. मुलांना मात्र शाळेने आणलेले कोरे करकरीत नकाशे दिले. म्हटलं, नव्या पिढीला नवी वस्तू!

शुक्रवारी नऊला शाळेच्या फाटकात मी शेवटची सूचना दिली. प्रत्येक गटाबरोबर एक मोठं माणूस होतं. पहिल्या गटाबरोबर तोकुशिगे बाई, दुसऱ्याबरोबर एका मुलाची आई, आणि वाकानाच्या, म्हणजे तिसऱ्या गटाबरोबर तिचे आजोबा. इसोबे आजोबा बहात्तर वर्षांचे, जन्मभर समुद्रात दोराला मडकी सोडून ऑक्टोपस धरणारे, चेहरा वाळवलेल्या मासळीसारखा आणि तेवढाच खारट.

"मोठ्यांनी मुलांना सांभाळायचं," मी म्हणालो, "पण नकाशाबद्दल अवाक्षर काढायचं नाही! मुलं पूर्वेला म्हणाली तर पूर्वेला, टेकडीवर म्हणाली तर टेकडीवर."

"आणि समुद्रात म्हणाली तर?" इसोबे आजोबांनी विचारलं.

"तर समुद्रात!" मी म्हणालो. सगळे हसले. आजोबा तेवढे हसले नाहीत.

मुलं निघाली आणि मी थेट बंदरावर गेलो. ज्या बाकाखाली तिसरा डबा होता, त्याच बाकावर ऐसपैस बसलो. ऊन छान पडलं होतं. मच्छीमार सोसायटीच्या कचेरीतून रश्श्याचा वास येत होता. मनात म्हटलं, वाकानाचा गट पहिला येणार. मी हळूच पाय बाजूला घेणार, मुलं डबा ओढणार, आणि मी म्हणणार, "अरेच्चा! इथे होता होय?"

पावणेदहाला फोन वाजला.

"तुम्ही ओकुनो का?" एक घोगरा आवाज. "मुलांच्या गळ्यातल्या पाटीवर तुमचा नंबर आहे. मी स्टेशनजवळचा न्हावी बोलतोय. तुमची सहा मुलं माझ्या दुकानात शिरलीत!"

"केस कापायला?"

"डबा शोधायला! एका गिऱ्हाइकाला अर्धी दाढी झाल्यावर खुर्चीवरून उठवलंय त्यांनी! म्हणतात, खुर्ची बरोबर त्या सेकंदावर आहे!"

"त्यांच्याबरोबर एक बाई असतील, त्यांना द्या जरा."

"त्या बोलत नाहीत हो! नुसत्या वाकतायत आणि माफी मागितल्यासारखं करतायत. मुक्या आहेत का?"

मी मुलांना फोन द्यायला लावला. "अरे, तुम्हाला टेकडीवर जायचं होतं! न्हाव्याकडे काय करताय?"

"सर, तीनदा मोजलं. टेकडी नाही येत. न्हावीच येतो!" पोरगा ठाम होता.

"चौथ्यांदा मोजा!" मी फोन ठेवला. एक गट चुकू शकतो. प्रत्येक शेतात चार कणसं पोचट निघायचीच.

दहा मिनिटांनी पुन्हा फोन! तोकुशिगे बाई. मागे एवढा गोंगाट की जत्रा भरली असावी.

"ओकुनो सर, आम्ही वृद्धाश्रमात आहोत."

"अहो, तुम्हाला वाचनालयामागे जायचं होतं!"

"तुम्ही बोलू नका म्हणालात, म्हणून मी बोलले नाही. मुलांनी इथल्या आज्ज्यांना सांगितलं, की सरांनी डबा लपवलाय. आता चाळीस म्हातारी माणसं डबा शोधतायत. गाद्या उलट्या केल्या. कपाटं रिकामी केली. एका आजीला बारा वर्षांपूर्वी हरवलेली कानातली सापडली, त्या रडतायत. एका आजोबांच्या उशीखाली दुसऱ्या आजोबांची बुद्धिबळातली सोंगटी सापडली, त्यांची मारामारी व्हायची वेळ आलीय. मुलांना सगळे संत्री भरवतायत. कोणी सोडायला तयार नाही!"

"बाई, मुलांचं मोजमाप चुकलंय."

"मी स्वतः मोजलं, सर. बरोबर आहे." आणि मग अगदी मऊ आवाजात, "शिवणाच्या वर्गाला यंदा पडदे घ्यायचेत. तुमची आवड सांगून ठेवा."

दोन गट चुकले? एकाच दिशेला? पण वाकाना! वाकाना चुकणार नाही! साडेदहा वाजले. मी उभा राहून रस्त्याकडे पाहिलं. कोणी नाही. पावणेअकरा. कोणी नाही! अकराला पनामाहून फोन येणार, अर्ध्या तासात त्या माणसाला कामावर परतायचंय, आणि मुलीचा पत्ता नाही!

मी सोसायटीच्या कचेरीत धावलो. तिथे नेगोरो बाई बसतात. सगळ्या होड्यांशी वायरलेसवरून बोलणं हे त्यांचं काम.

"सहा मुलं आणि एक म्हातारे गृहस्थ पाहिलेत का?"

"इसोबे आजोबा ना? पाहिले की." त्यांनी खिडकीतून बोट दाखवलं. "ते काय."

मी पाहिलं. धक्क्यापासून चांगलं चारशे मीटर आत, निळ्याशार पाण्यावर, इसोबे आजोबांची होडी डुलत होती. तिच्यावर नारिंगी जाकिटं घातलेली सहा डोकी ओळीने वाकून पाण्यात बघत होती.

माझी पाचावर धारण बसली! "समुद्रात? माझी मुलं समुद्रात?"

"नियमाने नेलीत हो. जाकिटं मीच मोजून दिली. मी आजोबांना विचारलं, कुठे नेताय, तर तोंडावर बोट ठेवून नुसते हसले. मग त्या मुलीने चिठ्ठी दाखवली. जागा आकड्यांत लिहिलेली. आकडे घेऊन आलेल्या माणसाला इथे कोणी अडवत नाही."

मी धक्क्याच्या टोकाला जाऊन हात हलवले, कोट काढून फिरवला, घसा फोडून ओरडलो. होडीतल्या मुलांनीही आनंदाने हात हलवले. त्यांना वाटलं, सर शाबासकी देतायत!

तेवढ्यात खिशात फोन थरथरला. अकरा! लांबलचक परदेशी नंबर!

"हॅलो, ओकुनो सर का? मी वाकानाचा बाबा."

"हो हो! नमस्कार! एक मिनिट हं!"

"वाकाना आहे ना शेजारी?"

आता काय सांगू? जगाच्या दुसऱ्या टोकाला, काळोखात, एक बाप दोन महिन्यांनी लेकीचा आवाज ऐकायला कान लावून बसलाय, आणि त्याला सांगू की तुमची मुलगी मी समुद्रात पाठवली? पण मी ओकुनो आहे! एकदा शब्द दिला की दिला. मी फोन छातीशी धरून कचेरीकडे सुटलो. वाटेत वाळत घातलेल्या जाळ्यात पाय अडकला, जाळं ओढत तसाच धावलो आणि दारातून आत शिरलो तो जाळ्यात गावलेल्या सुरमईसारखा!

"नेगोरो बाई! हा फोन तुमच्या वायरलेसला लावा!"

"तसं नियमात बसत नाही, सर."

"बाप आहे! पनामात आहे! मुलगी होडीत आहे!"

बाईंनी माझ्या पायातलं जाळं पाहिलं, माझं तोंड पाहिलं. मग खुर्ची पुढे ओढली, फोनचा आवाज मोठा केला, तो बोलायच्या यंत्रासमोर धरला आणि म्हणाल्या, "बोला. पण एका वेळी एकाने. आणि बोलणं झालं की 'ओव्हर' म्हणायचं. एवढा तरी नियम पाळा."

त्यांनी इसोबे आजोबांच्या होडीला हाक दिली. यंत्र खरखरलं. मग एक बारीक, स्पष्ट आवाज आला. "मी वाकाना इसोबे. ओव्हर."

"वाकाना! बाळा! कशी आहेस?" बापाचा आवाज एकदम फाटला. नेगोरो बाईंनी फोनजवळ तोंड नेऊन "ओव्हर!" अशी आठवण केली. "अं... ओव्हर."

"बरी आहे. दोन दात पडले. एक आला. ओव्हर."

"मला तुझी फार आठवण येते गं. ओव्हर."

"मलाही येते. ओव्हर." जरा थांबून, "खूप येते. ओव्हर."

नेगोरो बाई खिडकीबाहेर बघू लागल्या. मीही जाळ्याची एक गाठ सोडवायला घेतली. ती सुटलेलीच होती.

"पण बेटा, तू आहेस कुठे? वाऱ्याचा आवाज येतोय. ओव्हर."

वाकानाने घडाघडा अक्षांश सांगितला, रेखांश सांगितला, सेकंदांसकट. पलीकडे कागद सळसळला. बाप पडला जहाजाचा अधिकारी! दहा सेकंदात त्याचा आवाज आला, "अगं, हे तर पाण्यात येतं! ओव्हर!"

"हो, पाण्यातच आहे. सरांनी डबा इथे लपवलाय. आजोबांच्या होडीचं यंत्र पण हेच आकडे दाखवतंय. आम्ही दोर ओढला तर एक मडकं आलं. आत डबा नाही, ऑक्टोपस आहे. ओव्हर."

आणि तेवढ्यात यंत्रातून तिसराच जाडाभरडा आवाज आला, "अहो, ते मडकं माझं आहे! ओव्हर!"

मी नेगोरो बाईंकडे वळलो. "बाई, हे सगळ्यांना ऐकू जातंय?"

"फक्त आपल्या होड्यांना," नेगोरो बाई म्हणाल्या. "पस्तीस आहेत."

मग काय विचारता! "इसोबे, नातीला होडीची तांडेल कर! ओव्हर." "पनामात पाऊस आहे का? ओव्हर." "त्या सरांना विचारा, डबा किती खोल ठेवलाय? ओव्हर." पस्तीस होड्या, पस्तीस विनोद!

शेवटी इसोबे आजोबांचा आवाज आला. त्यांनी दोन तासांनी तोंड उघडलं होतं. "गप्प बसा रे सगळे! माझा लेक बोलतोय. ओकुनो सर, मला आता बोलायची परवानगी आहे का? ओव्हर."

"आहे, आजोबा. ओव्हर," मी म्हणालो. कसंबसंच म्हणालो.

"तुमचा नकाशा कोणत्या सालचा? ओव्हर."

मी साल सांगितलं. मग कुणीतरी हळूच "अरे देवा" म्हणालं आणि ओव्हर म्हणायलाही विसरलं.

"सर," आजोबा समजुतीच्या सुरात म्हणाले, लहान मुलाला सांगतात तसे, "वीस-बावीस वर्षांपूर्वी देशाने मोजणीची पद्धत बदलली. सगळ्या जगाशी जुळवून घेतली. जमीन तिथेच राहिली, आकडे सरकले. जुने आकडे नव्या नकाशावर मांडले, की माणूस चारशे मीटर आग्नेयेला जातो. आम्ही कोळ्यांनी तेव्हाच सगळं बदललं. नाहीतर एकाची मडकी दुसऱ्याने ओढली असती. मुलांचं काही चुकलं नाही. ओव्हर."

मी मनातल्या मनात मोजलं. टेकडीवरून चारशे मीटर आग्नेयेला न्हावी. वाचनालयामागून चारशे मीटर आग्नेयेला वृद्धाश्रम. बाकापासून चारशे मीटर आग्नेयेला ऑक्टोपस. अठरा मुलं, एकही चुकलं नव्हतं! सगळ्या गावात चुकलेला माणूस एकच, आणि तो बाकावर ऊन खात बसला होता.

"पण सर, तुमचे आभार मानायला हवेत," वाकानाचे बाबा म्हणाले. "एवढ्या लांबून तिचा आवाज ऐकवलात. ओव्हर."

हा माणूस किती भला! माझी मान जरा वर आली. "त्यात काय! शेवटी वेळेचा हिशोब तर बरोबर जमला! ओव्हर!"

मग बाप चाचरत म्हणाला, "तसं... तुमच्या मेलमध्ये शुक्रवारी रात्री नऊ असं लिहिलं होतं. इथे आत्ता गुरुवारची रात्र आहे. तुमच्या हिशोबाने मी उद्या फोन केला असता. वाकानाने परवा कळवलं, म्हणून आज केला. ओव्हर."

चौदा तास मागे जाताना मधे मध्यरात्र ओलांडावी लागते, हे मी विसरलो होतो! आणि ती हात वर करून तेच सांगणार होती!

"वाकाना," मी विचारलं, "मग तू मला का नाही सांगितलंस? ओव्हर."

"तुम्ही इतके खूश होता, सर," ती म्हणाली. "तुम्हाला वाईट वाटलं असतं. ओव्हर."

पस्तीस होड्यांपैकी एकही हसली नाही. हसल्या असत्या तर बरं झालं असतं हो!

साडेअकराला बाप कामावर गेला, बाराला होडी धक्क्याला लागली. ऑक्टोपस ज्याचा त्याला परत केला. त्याने तो तिथेच उकडून मुलांना वाटला. वृद्धाश्रमातून संत्र्यांची टोपली आली. न्हाव्याकडचा अर्ध्या दाढीचा माणूस, मी कोण ते एकदा बघावं म्हणून, मुद्दाम बंदरापर्यंत चालत आला.

तरी मी हरलो नाही. सोमवारी सकाळी नवा नकाशा विकत आणला आणि तोकुशिगे बाईंसमोर ठेवला. "पुढच्या शुक्रवारी पुन्हा," मी म्हणालो. बाईंना माझी चिकाटी आवडली असावी, कारण त्यांनी शिवणाचा विषय काढला नाही. फक्त एक पत्र पुढे सरकवलं.

मच्छीमार सोसायटीचं होतं. यंदा सोसायटीत सहा नवीन कोळी आले आहेत, त्यांना नकाशावरचे अक्षांश-रेखांश शिकवायचे आहेत, तरी आपल्या शाळेने मदत करावी. माझी छाती पुन्हा फुगली! बघा, जाणती माणसं गुण ओळखतात! मी खालची ओळ वाचली.

"शिकवायला वाकाना इसोबे यांना पाठवावे. ओकुनो सरांची इच्छा असल्यास तेही वर्गात बसू शकतील."

गेलो हो मी! वही, पट्टी, पेन्सिल घेऊन वेळेवर गेलो. बाईंनी, म्हणजे वाकानाने, पहिल्याच दिवशी माझी वही तपासली. आकडे सगळे बरोबर होते. फक्त वर घातलेली तारीख तेवढी कालची होती.